वीरपित्याची खुर्ची

गोदाबाईनं हात धरला तेव्हा गोवर्धनला वाटलं, तिला चक्कर आली असावी. अकोटच्या बसस्टँडसमोर तिचं भाजीचं दुकान होतं. दुकान म्हणजे फूटपाथवर अंथरलेलं पोतं आणि वर बांधलेली जुनी साडी. गोवर्धन निमकर्डे बारा वर्षांपासून आपल्या मळ्यातली वांगी आणि सांबार म्हणजे कोथिंबीर तिच्याकडेच आणून टाकत होता. आजही त्यानं गावच्या टेम्पोतून दोन कॅरेट वांगी उतरवली, सांबाराच्या जुड्यांवर पाणी शिंपडलं आणि मान वर केली, तर बाई रडत होती.

“काय झालं?”

“भाऊ, तुमी कायले आले आज? घरी बसाचं होतं.”

“काऊन?”

“अशा टायमाले कोनी बजारात येते का? शेखर गेला अन् तुमी वांगे घिऊन आले.”

शेखर हा गोवर्धनचा एकुलता एक मुलगा, सैन्यात होता. सोळा दिवसांपूर्वी सीमेवर तोफगोळा फुटून त्याचा उजवा पाय गुडघ्याखालून गेला आणि आता तो पुण्याच्या लष्करी रुग्णालयात होता. गोवर्धन आणि सून रूपाली आठ दिवस तिथं राहून परवाच परतले होते. कालच शेखर फोनवर बोलला होता. मळ्यातली मोटार नीट झाली का, असं विचारत होता.

“गेला म्हन्जे कुठी गेला?” गोवर्धन म्हणाला.

गोदाबाईनं हनुवटीनं समोर दाखवलं.

समोरच्या तीन मजली इमारतीवरून फ्लेक्स खाली सोडला होता. वरच्या कोपऱ्यात दिल्लीचे मोठे नेते. खाली हात जोडलेले दोघं, लोकसभेचे उमेदवार खुशालराव आणि त्यांच्या शेजारी जानराव. मधोमध शेखर, गणवेशातला, हसरा, गळ्यात संगणकावर घातलेला हार. ‘अकोटचा वीरपुत्र शहीद शेखर गोवर्धन निमकर्डे यांना भावपूर्ण श्रद्धांजली. त्याच्या रक्ताची आण, मत देशाला.’ सर्वांत खाली लाल पट्टीत परवाच्या सभेची वेळ होती.

गोवर्धननं ते दोनदा वाचलं. राग नंतर आला. आधी त्याला वाटलं, एवढं मोठं छापलंय म्हणजे यांना काहीतरी कळलं असेल. मोठी माणसं आहेत, दिल्लीपर्यंत हात आहेत. बापाला कळायच्या आधी यांना कळत असेल. त्यानं मोबाईल काढून शेखरला लावला. घंटी पूर्ण वाजून बंद झाली. पुन्हा लावला, पुन्हा तेच. गोदाबाई तोंडाला पदर लावून त्याच्याकडे पाहत होती. भाजी घ्यायला आलेली दोन माणसंही थांबली होती.

तिसऱ्यांदा आवाज आला. “हां बाबा. नाश्ता करून रायलो. काऊन एवढ्या सकाळी?”

गोवर्धन पालथ्या कॅरेटवर बसला.

“बाबा?”

“काई नाई. काय खाऊन रायला?”

“उपमा हाय. कच्चाच हाय थोडा.”

“खाय,” गोवर्धन म्हणाला. “सारा खाय.”

फोन ठेवल्यावर त्यानं फ्लेक्सकडे पुन्हा पाहिलं आणि तेव्हा त्याच्या लक्षात आलं की तो फोटो घरातल्या भिंतीवरचा आहे. तो त्यानं स्वतःच्या हातानं काढून दिला होता.

खुशालराव आणि जानराव ही दोन नावं अकोट भागात पंचवीस-तीस वर्षं एकमेकांच्या विरोधातच घेतली जात. गोवर्धन खुशालरावांचा माणूस. बावीस वर्षं तो गावच्या मतदान केंद्रावर त्यांच्या पक्षाचा बूथप्रमुख होता. पद म्हणायचं, पण त्यात मिळत काही नव्हतं. मतदानाच्या दिवशी शाळेबाहेर टेबल टाकून याद्या घेऊन बसायचं, म्हाताऱ्यांना हाताला धरून आणायचं आणि संध्याकाळी किती टक्के झालं ते कळवायचं. अकरा वर्षांपूर्वीच्या निवडणुकीत जानरावांची माणसं काठ्या घेऊन त्या टेबलावर आली. बाकीचे पळाले. गोवर्धन याद्या छातीशी धरून बसून राहिला आणि त्याचं डावं मनगट मोडलं. त्या दिवशी खुशालरावांनी त्याला स्वतःच्या गाडीत घालून अकोल्याला नेलं आणि प्लास्टर होईपर्यंत ते दवाखान्याच्या बाकड्यावर बसून राहिले. त्या एका दुपारवर गोवर्धननं पुढची अकरा वर्षं काढली.

मार्चअखेर युद्ध पेटलं. निवडणूक पुढं ढकलतील असं सगळ्यांना वाटत होतं, पण ती ढकलली गेली नाही. ढकलले गेले ते पक्ष. रोज सकाळी पेपर उघडला की कालचा कोणीतरी आज दुसऱ्या मांडवात उभा. युद्धाच्या नवव्या दिवशी खुशालराव जानरावांच्या पक्षात गेले आणि त्याच पक्षाचे उमेदवार झाले. जानरावांना पुढच्या वेळी आमदारकी द्यायची असं ठरलं म्हणे. खुशालरावांच्या जुन्या पक्षाला माणूस उरेना, तेव्हा त्या पक्षानं खुशालरावांचाच पुतण्या अनुप, जो महिन्यापूर्वीपर्यंत तिसऱ्याच पक्षात होता, त्याला आणून उभा केला.

गावात सभा झाली तेव्हा खुशालराव म्हणाले, “आता पक्ष पाहाचा टाइम नाई. देश पाहाचा हाय.” शेजारी जानराव बसले होते. सभा संपल्यावर जानरावांनी गोवर्धनच्या खांद्यावर हात ठेवला. “जुनं इसरून जाय बावा,” म्हणाले. गोवर्धनला वाटलं, यापुढं ते आणखी काही म्हणतील. ते चहा प्यायला गेले. गोवर्धननंही त्यांच्यासोबत चहा घेतला. घरी येऊन तो बायकोला, माणिकबाईला म्हणाला, “भाऊसायबानं काईतरी इचार केला असन.” तिनं तव्यावरची भाकरी उलटली.

तीन दिवसांनी खुशालरावांच्या कार्यालयातला कुंदन शेखरचा फोटो मागायला आला. सीमेवरच्या जवानांच्या घरच्यांचा सत्कार आहे, असं त्यानं सांगितलं. गोवर्धननं खिळ्यावरून फोटो काढला, सदऱ्यानं काच पुसली आणि दिला.

गोदाबाईकडं माल तसाच टाकून तो गावी परतला, पण बातमी आधी पोचली होती. अंगणात चाळीसेक माणसं बसली होती. बडनेऱ्याहून रूपालीचा भाऊ मनोज आईला घेऊन आला होता. मनोज रेल्वेत होता. पहाटे ड्यूटीवर असतानाच त्याच्या मोबाईलवर श्रद्धांजलीचा संदेश आला आणि तो तसाच निघाला. त्याच्या अंगावर अजून कामाचे कपडे होते. रूपालीची आई ओट्यावर पडून होती आणि दोघीजणी तिला वारा घालत होत्या.

रूपाली दारात उभी होती. हातात मोबाईल, पडद्यावर शेखर, समोर शेजारची म्हातारी.

“हे पाहा मावशी. बोलून रायला. बोला तुमी त्याच्यासंग.”

“नमस्कार मावशी,” पडद्यावरचा शेखर म्हणाला. “मी बरा हाय.”

म्हातारीनं पडद्यावर बोट फिरवलं आणि ती आणखी जोरानं रडायला लागली. मागून कोणीतरी म्हातारा हळूच म्हणाला, “पयलेचा व्हिडिओ असन.”

रूपालीनं ते ऐकलं. तिनं फोन बंद केला आणि गोवर्धन आत आला तशी त्याच्या मागोमाग आत येऊन दार लोटून घेतलं.

“मामाजी, सकाळपासून एकोनतीस लोकांले दाखवलं. त्याचा हात दुखून रायला मोबाईल धरून धरून. आता मी कोनालेच नाई दाखवत. ज्याले मेला म्हनाचा हाय त्यानं म्हना.” मग तिनं दोन्ही हात पुढं केले. “शेजारच्या काकूनं मले बांगड्या काढाले सांगतल्या. करिश्मासमोर.”

करिश्मा म्हणजे शेखर-रूपालीची पाच वर्षांची मुलगी. ती आजीला, माणिकबाईला टेकून बसली होती. माणिकबाई चुलीपाशी होती, पण चूल पेटलेली नव्हती. सकाळी शेतात कोणीतरी तिला सांगितलं होतं आणि ती चप्पल तिथंच टाकून धावत घरी आली होती. तिच्या पायात काटे मोडले होते आणि ती सुईनं एकेक काढत होती. तिनं मान वर केली नाही.

“फोटो तुमीच देल्ला ना,” ती म्हणाली.

गोवर्धननं डोक्यावरची टोपी काढून पुन्हा घातली आणि तो तसाच बाहेर पडला.

खुशालरावांचं प्रचार कार्यालय अकोटातल्या एका मंगल कार्यालयात होतं. पंखे लावलेले, खाली सतरंज्या, कोपऱ्यात फ्लेक्सच्या गुंडाळ्या. कुंदननं गोवर्धनला दारात पाहिलं आणि तो काही न विचारता आत गेला. गोवर्धन त्याच्या मागोमाग गेला. आतल्या खोलीत खुशालराव आणि जानराव एकाच टेबलापाशी जेवत होते.

“भाऊसायेब, माहा पोट्टा जित्ता हाय.”

“मले मालूम हाय,” खुशालराव म्हणाले. “बस.”

येताना बसमध्ये गोवर्धननं त्यांची बरीच उत्तरं मनात धरली होती. चूक झाली म्हणतील. कोणी छापलं म्हणून कुंदनवर ओरडतील. हे उत्तर त्याच्या मनात आलं नव्हतं. तो उभाच राहिला.

“कवा मालूम झालं?”

“काल रात्री. जखमी लोकायची यादी होती, कुंदननं दुसरीच समजली. पन तवरोक फ्लेक्स लागून गेले होते. साठ हायेत, तीन तालुक्यांत.”

“तं काढा.”

“काढतो ना. सभा झाली का काढतो. दिल्लीचे सायेब येऊन रायले, गोवर्धन. त्यांच्या भाषनात शेखरचं नाव हाय. आता त्यांले काय सांगू, का आमच्या गावचा मेलाच नाई म्हनून?”

जानरावांनी ताट बाजूला सारलं. “अन् शहीद म्हनलं तं वाईट काय म्हनलं बावा? मान देल्ला. सारा तालुका त्याच्यासाठी रडून रायला. पाय गेलेल्यासाठी कोनी रडते काय?”

“माह्या सुनेले बांगड्या काढाले सांगून रायले लोकं.”

खुशालराव उठून त्याच्याजवळ आले. त्यांचा आवाज अकरा वर्षांपूर्वी दवाखान्यात होता तसा मऊ झाला. “हे पाह्य. सभेत तुले स्टेजवर बसवतो, माह्या बाजूले. रूपालीच्या नोकरीचं निवडून आल्यावर पाहतो. दोनच दिवस थांब. देशाचा सवाल हाय.”

“देशाचा का तुमचा?”

“हा बोलाले कवा शिकला?” जानराव हसले.

खुशालराव हसले नाहीत. “तुह्या हातासाठी मी दिवसभर दवाखान्यात बसलो होतो. इसरला काय?”

“नाई इसरलो,” गोवर्धन म्हणाला. “पन ज्यानं मोडला तो तुमच्याच ताटात जेवून रायला.”

तो बाहेर पडला. बावीस वर्षांत तो खुशालरावांशी असं कधी बोलला नव्हता. तिथून तो निवडणुकीच्या कचेरीत गेला. तिथल्या माणसानं त्याला पाणी दिलं, शांतपणे ऐकून घेतलं आणि सांगितलं की प्रचारात जवानाचा फोटो वापरायला मुळात बंदीच आहे. तक्रार लिहून घेतली. इमारत खासगी असल्यामुळे आधी नोटीस जाईल, उत्तराला मुदत मिळेल, मग पथक जाईल. गोवर्धननं विचारलं, परवाच्या आत होईल का. त्या माणसानं कागदाकडं पाहत मान हलवली. त्याचा अर्थ गोवर्धनला कळला.

त्या संध्याकाळी गावात एक गाडी येऊन थांबली. अनुप उतरला, सोबत कॅमेरा घेतलेला माणूस. अनुपनं गोवर्धनच्या पायाला हात लावला.

“काका, माह्या सख्ख्या काकानं तुमच्यासंग हे केलं. तुमी फक्त कॅमेऱ्यासमोर सांगा. उद्या साऱ्या महाराष्ट्रात जाईन.”

“काय सांगू?”

“जे खरं हाय ते. का खुशालरावानं जित्त्या जवानाले मारलं.”

रूपालीनं घरातून मोबाईल आणला आणि अनुपसमोर धरला. त्याच पहाटे त्याच्याच प्रचाराच्या ग्रुपवरून आलेला संदेश होता. शेखरचा फोटो, मेणबत्ती, खाली अनुपचं नाव आणि त्याच्या पक्षाचं चिन्ह.

“आपल्या पोट्ट्यांनी टाकलं असन, वैनी. सारेच टाकून रायले होते म्हनून.”

“इचारलं होतं काय आमाले?” रूपाली म्हणाली.

अनुपनं कॅमेरावाल्याला खूण केली, पण गोवर्धन तोवर आत गेला होता. अनुप थोडा वेळ अंगणात थांबला. जाताना गाडीतून त्यानं गोवर्धनच्या घराचा एक फोटो काढून नेला.

जेवताना गोवर्धन म्हणाला, “मी जातो स्टेजवर.”

माणिकबाईच्या हातातला घास थांबला.

“जातो,” तो म्हणाला. “तथी माईक असते. शेखरले सांगून ठेवा, मी फोन लावीन तवा उचल म्हना. ज्याचा मुर्दा करून रायले तोच बोलन.”

सभेच्या दिवशी त्यानं पांढरा सदरा घातला आणि सकाळच्या एसटीनं अकोटला गेला. मैदानात मोठा मांडव होता आणि दहा वाजताच तो भरला. परतवाड्याकडून, दर्यापुराकडून गाड्या भरून माणसं आणली होती. गोवर्धनला पाहून कुंदनच्या चेहऱ्यावरचा ताण उतरला. त्यानं त्याला हाताला धरून शिडीवरून वर नेलं. पहिल्या रांगेत शेवटची खुर्ची होती. तिच्या पाठीला कागद चिकटवला होता, ‘वीरपिता’. गोवर्धन त्या खुर्चीत बसला. त्याच्या डाव्या बाजूला जानराव होते. त्यांनी त्याच्या गुडघ्यावर हात ठेवला आणि म्हणाले, “बरं केलं आला तं.”

दिल्लीच्या नेत्यांचं हेलिकॉप्टर उशिरा येणार होतं. तोवर एकामागून एक भाषणं झाली. बोलणारे बहुतेक सगळे महिन्यापूर्वी एकमेकांना चोर म्हणत होते. गोवर्धननं ती भाषणंही ऐकलेली होती, त्यांसाठी सतरंज्याही अंथरल्या होत्या. आज प्रत्येकजण सीमेवरच्या रक्ताबद्दल बोलत होता. मग निवेदकानं वीरपित्याच्या सत्काराची घोषणा केली. खुशालराव शाल घेऊन उठले. कॅमेरे पुढं सरकले. शाल खांद्यावर पडली तेव्हा गोवर्धननं हात जोडले नाहीत. त्यानं हात पुढं केला आणि निवेदकाच्या हातातला माईक घेतला. निवेदकाला वाटलं बाप आहे, दोन शब्द बोलेल. त्यानं सोडला.

“मी गोवर्धन निमकर्डे,” तो म्हणाला. स्वतःचा एवढा मोठा आवाज ऐकून तो क्षणभर थांबला. “माहा पोरगा मेला नाई. तो पुन्याले दवाखान्यात हाय. त्याचा पाय गेला. हे जे स्टेजवर बसले त्यांले मालूम हाय, भाऊसायबाले मालूम हाय, तरी त्यांनी मेला म्हनून छापलं. तुमी माह्यावर नका इस्वास ठेवू. त्याच्या तोंडानंच आइका.”

त्यानं शेखरला फोन लावला, मोबाईलचा आवाज वाढवला आणि तो माईकला लावला.

“नमस्कार,” शेखरचा आवाज मैदानभर गेला. “मी शेखर—”

आणि माईक बंद झाला. गोवर्धननं तो झटकला, मोबाईल आणखी जवळ धरला. मांडवाच्या दुसऱ्या टोकाच्या माईकवरून कुंदनचा आवाज आला. “बंधूंनो, वीरपिता भावनावश झाले आहेत. मुलगा गेल्याचं ते अजून मानायला तयार नाहीत. कोणत्या बापाचं मन मानेल? शहीद शेखर निमकर्डे—”

“अमर रहे.”

आधी मागून आलं, मग मधून, मग सगळीकडून. पुढच्या दोन-तीन रांगांतल्या माणसांनी फोनवरचा आवाज ऐकला होता. गोवर्धन त्यांच्याकडं पाहत होता. काहींनी एकमेकांकडं पाहिलं. एकानं शेजाऱ्याच्या कानात काहीतरी विचारलं, शेजाऱ्यानं खांदे उडवले. मग त्यांनीही हात वर केले. एक बाई डोळे पुसत होती आणि ओरडतही होती. गोवर्धनच्या हातात मोबाईल चालूच होता आणि मैदानातला एकूण एक आवाज त्या मोबाईलमधून पुण्याच्या खाटेपर्यंत जात होता.

खुशालरावांनी त्याच्या कोपराला धरलं. बाहेरून पाहणाऱ्याला ते आधार देतायत असं वाटलं असतं. “पानी पे,” ते दातांवर दात ठेवून म्हणाले. “तुह्या लेकराची किंमत तूच घालवून रायला.”

गोवर्धननं खांद्यावरची शाल काढली, नीट घडी केली आणि खुर्चीवर ठेवली. मग मागच्या बांबूच्या शिडीवरून तो एकेक पायरी खाली उतरला. कोणी त्याला अडवलं नाही. वर हेलिकॉप्टरचा आवाज यायला लागला होता आणि सगळ्यांच्या माना आभाळाकडं होत्या. मांडवामागं जनरेटरच्या गाडीपाशी त्यानं मोबाईल कानाला लावला.

“शेखर.”

“आइकलं मी, बाबा.”

“माईक बंद केला रे त्यांनी.”

“हो. समजलं.” मग शेखर म्हणाला, “घरी जा बाबा. ऊन लय असन तथी.”

दुसऱ्या दिवशीच्या पेपरात गोवर्धनचा माईक धरलेला फोटो आला. खाली लिहिलं होतं, ‘वीरपित्याला अश्रू अनावर.’ त्या फोटोत त्याच्या डोळ्यांत पाणी नव्हतं, पण ते कोण बघणार. आतल्या पानावर चार ओळींत अनुपचा आरोप आणि खुशालरावांचा खुलासा होता. घटनेचं कोणी राजकारण करू नये, असं दोघंही म्हणाले होते.

सभा झाल्यावर फ्लेक्स काढले गेले नाहीत. गावच्या वेशीवरही नंतर एक लागला होता. तिसऱ्या दिवशी माणिकबाई विळा घेऊन गेली, शेजारी उभ्या बैलबंडीवर चढली आणि तिनं दोऱ्या कापल्या. पारावर पंधरा-वीस माणसं बसली होती. कोणी तिला थांबवलं नाही, कोणी उठून बंडीही धरली नाही. फ्लेक्स खाली आला तेव्हा तिनं मुलाचा चेहरा आत जाईल अशी त्याची घडी केली आणि डोक्यावर घेऊन ती घरी आली.

मतदानाच्या दिवशी शाळेबाहेर खुशालरावांचं टेबल लागलं. त्यामागं जानरावांचा माणूस बसला होता, आणि त्याच्याजवळ गोवर्धनच्या हातच्या जुन्या खुणा केलेल्या याद्या होत्या. कोण चालू शकत नाही, कोणाला घरून आणायचं, सगळं त्यानं वर्षानुवर्षं पेन्सिलीनं लिहिलेलं. “काका, बसा ना,” त्यानं खुर्ची पुढं केली. गोवर्धन माणिकबाई आणि रूपालीसोबत रांगेत उभा राहिला. बावीस वर्षांत पहिल्यांदाच तो रांगेत उभा होता. त्यानं कोणाला मत दिलं हे माणिकबाईनं विचारलं नाही. त्यानंही सांगितलं नाही. संध्याकाळी किती टक्के झालं ते त्याला कोणी कळवायला सांगितलं नव्हतं.

मे संपता संपता मतमोजणी झाली. तोवर सीमेवर शस्त्रसंधी झाला होता आणि गोवर्धन पुन्हा पुण्यात होता. शेखरला कृत्रिम पाय बसवायला अजून दोन महिने होते. तोवर कुबड्यांवर चालायची सवय करायची, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. वॉर्डाबाहेर लांब व्हरांडा होता. त्याच्या एका टोकाला टीव्ही लावलेला, समोर आठ-दहा जखमी जवान बसलेले. खुशालराव एक्केचाळीस हजारांनी निवडून आले होते. पडद्यावर गुलाल उडत होता, ढोल वाजत होते, जानराव त्यांच्या तोंडात पेढा घालत होते. गर्दीत मागं अनुपही दिसला; त्यानं काकांचे पाय धरले आणि काकांनी त्याला उठवून मिठी मारली. दिल्लीत आता सगळ्यांनी मिळून सरकार बनवायचं ठरत होतं.

“काका, हे तुमच्या भागातले ना?” साताऱ्याकडच्या एका जवानानं विचारलं. “ओळखता का यांना?”

“वळखत होतो,” गोवर्धन म्हणाला.

शेखर खाटेवरून उठून व्हरांड्यात आला होता. काल तो दारापर्यंत गेला होता. आज त्यानं पलीकडच्या टोकाची खिडकी पाहिली आणि दोन्ही कुबड्या काखेत नीट बसवल्या. गोवर्धन त्याच्या मागं गेला. पोरगा डुलला तसे त्याचे दोन्ही हात आपोआप पुढं आले.

“धरू नका, बाबा.”

“नाई धरत.”

त्यानं हात मागं घेतले. फरशीवर कुबड्यांचा आवाज होत होता. टीव्हीतल्या ढोलांत तो मधेच बुडायचा, मधेच पुन्हा ऐकू यायचा. गोवर्धन एका पावलाचं अंतर ठेवून त्या आवाजामागं चालत राहिला.